ठिबकचा फिल्टर उघड्यावर टिकवायचा कसा? निवड, पाया आणि मांडणी

ठिबक संच घेताना शेतकरी लॅटरलची जाडी तपासतो, ड्रीपरचे अंतर विचारतो, पाइप कोणत्या कंपनीचा हे पाहतो. फिल्टर मात्र संचाबरोबर जो येईल तो घेतला जातो आणि मोटारीजवळ जिथे जागा असेल तिथे उभा केला जातो. पुढे चार-पाच उन्हाळे तो तिथेच असतो. झाकणातून पाणी गळते, जाळी फाटते, टाकीच्या तळाला गंज लागतो, आणि मग एखाद्या ऑक्टोबरमध्ये हळदीच्या गादीवाफ्यावर मधूनच कोरडे पट्टे दिसू लागतात. तोपर्यंत घाण लॅटरलमध्ये गेलेली असते. नवा फिल्टर बसवला तरी आत गेलेली घाण बाहेर येत नाही.

अनुदानावर घेतलेल्या संचासाठी त्याच क्षेत्रावर पुन्हा अनुदान सात वर्षांनंतरच मिळते. म्हणजे फिल्टर किमान सात वर्षे टिकला पाहिजे, हा हिशेब खरेदीच्या दिवशीच धरावा. चांगल्या बनावटीचा फिल्टर एवढा सहज टिकतो. जो टिकत नाही तो बहुधा तीन कारणांनी जातो: पाण्याच्या मानाने लहान घेतलेला असतो, काळ्या जमिनीत पायाशिवाय उभा केलेला असतो, किंवा ऊन आणि लाइटचे झटके यांचा विचार न करता जोडलेला असतो. या लेखात वारंगा फाटा परिसर डोळ्यांसमोर ठेवला आहे. कळमनुरी तालुक्यातला हा फाटा हिंगोली-नांदेड आणि नागपूरकडे जाणाऱ्या रस्त्यांवर आहे. आजूबाजूला हळद, केळी, ऊस आहे, पाणी विहिरीचे, बोअरचे, शेततळ्याचे किंवा ईसापूर धरणाच्या कालव्याचे आहे, आणि जमीन भारी काळी आहे. मराठवाड्यात इतरत्रही यातले बहुतेक लागू पडेल.

पाणी कुठले, त्यावर फिल्टर कुठला

ड्रीपरमधून पाणी जाण्याची वाट साधारण एक मिलिमीटर किंवा त्याहून बारीक असते. त्या वाटेच्या आठव्या ते दहाव्या भागाएवढा कण फिल्टरमध्ये अडवावा, असा नियम आहे. कारण एकटा कण ड्रीपर बंद करत नाही, चार-पाच कण एकत्र येऊन कमान धरतात. एक मिलिमीटरच्या वाटेसाठी १०० ते १२५ मायक्रॉन, म्हणजे १२० ते १५० मेशची जाळी किंवा चकती लागते. ८० मेश म्हणजे सुमारे १८० मायक्रॉन. ती बारीक इनलाइन ड्रीपरला पुरत नाही. आपल्या ड्रीपरला किती मेश हवी हे ड्रीपरच्या कंपनीच्या पत्रकात दिलेले असते. ते मागून घ्यावे.

जाळी सगळ्यांना सारखी चालली तरी तिच्या आधी काय बसवायचे हे पाण्यावर ठरते.

विहिरीचे स्वच्छ पाणी असेल तर एक चांगला जाळीचा किंवा चकतीचा फिल्टर पुरतो. चकतीच्या फिल्टरमध्ये खाचा पाडलेल्या प्लॅस्टिकच्या चकत्या एकावर एक दाबलेल्या असतात आणि घाण त्यांच्या जाडीत अडकते. जाळीवर घाण फक्त पृष्ठभागावर बसते. त्यामुळे पाण्यात थोडे शेवाळ असेल तर चकती बरी. जाळीवर शेवाळ बसले आणि दाब वाढला की ते मऊ असल्याने शेवयांसारखे जाळीतून पलीकडे जाते.

बोअरच्या पाण्यात आपल्याकडे बेसाल्टच्या खडकाची भुकटी आणि बारीक कच येते, विशेषतः नव्या बोअरला. त्यासाठी हायड्रोसायक्लोन आहे. त्यात पाणी गोल फिरते, जड कण कडेला जाऊन खालच्या भांड्यात पडतात. त्यात हलणारा एकही भाग नाही, त्यामुळे उघड्यावर सर्वांत जास्त टिकणारा फिल्टर हाच. पण दोन मर्यादा लक्षात ठेवाव्यात. शेवाळ, पालापाचोळा असे हलके पदार्थ तो अडवत नाही. शिवाय ठरलेल्या प्रवाहाच्या मर्यादेतच तो काम करतो. पाणी कमी आले की पुरेसे फिरत नाही आणि कच सरळ पुढे जाते. म्हणून हायड्रोसायक्लोन नेहमी मोजून घ्यावा. फिल्टर मोठा घेतला तर चांगला, हे इतर फिल्टरला लागू पडते, याला नाही.

शेततळे आणि कालवा यांच्या पाण्याला वाळूचा फिल्टर लागतोच. शेवाळ, पाणवनस्पतींचे तुकडे, बारीक गोगलगायींची अंडी, हे सगळे वाळूच्या थराच्या जाडीत अडकते. वाळूच्या फिल्टरनंतर जाळी किंवा चकती ठेवावीच, कारण कधी तरी टाकीतली चाळणी फुटते आणि वाळू सुटते.

कालव्याच्या पाण्याबद्दल एक गैरसमज दूर करायला हवा. पावसाळ्यात किंवा आवर्तनाच्या पहिल्या पाण्यात जो गढूळपणा असतो तो चिकणमातीचा, आणि चिकणमातीचा कण दोन मायक्रॉनहून बारीक असतो. तो वाळूचा फिल्टर अडवत नाही, जाळी अडवत नाही, कोणताच शेतातला फिल्टर अडवत नाही. फिल्टरच्या पलीकडे पाणी गढूळच दिसले म्हणून फिल्टर बिघडला असे समजून जाळी अधिक बारीक करू नये. तसे केल्यास जाळी तासातासाला तुंबेल, एवढेच होईल. हा गाळ दोनच मार्गांनी सांभाळता येतो. एक, पाणी शेततळ्यात किंवा टाकीत थांबवून. स्थिर पाण्यात १० मायक्रॉनचा कण एक मीटर खाली बसायला साधारण तीन तास घेतो, दोन मायक्रॉनचा कण तीन दिवस. दुसरा मार्ग म्हणजे लॅटरलची टोके उघडून वारंवार धुणे. कालव्याच्या पाण्यावर संच असेल तर हे काम दर पंधरा दिवसांनी, गढूळ पाणी असताना आठवड्याला करावे.

फिल्टरचे आयुष्य वाढवण्याचा सर्वांत स्वस्त उपाय मोटारीच्या तोंडाशी आहे. शेततळ्यात फूट व्हॉल्व्ह तळाला टेकवू नये. बंद प्लॅस्टिकच्या कॅनला किंवा ड्रमला बांधून तो पृष्ठभागाखाली दोन ते तीन फुटांवर तरंगता ठेवावा. तळाला गाळ असतो, वर शेवाळ असते, मधले पाणी सर्वांत स्वच्छ. त्याभोवती कॅरेट गुंडाळून जाळी बांधली तर पाला आणि शेवाळाचे गुंते तिथेच थांबतात.

किती मोठा घ्यावा

समजा हळदीला पाच फुटांवर लॅटरल आहे, ड्रीपर ४० सेंमीवर आणि प्रत्येकी ताशी ४ लिटरचा. एकरात सुमारे २,७०० मीटर लॅटरल बसते, म्हणजे साधारण ६,७०० ड्रीपर. एक एकर एकाच वेळी चालवला तर ताशी २७ हजार लिटर, म्हणजे २७ घनमीटर पाणी फिल्टरमधून जाणार.

वाळूच्या फिल्टरला एक चौरस मीटर पृष्ठभागामागे ताशी ५० घनमीटरपर्यंत पाणी चालते. पाणी घाण असेल तर ४० धरावे. २४ इंच व्यासाच्या टाकीचे क्षेत्रफळ ०.२८ चौरस मीटर. अशा दोन टाक्या स्वच्छ पाण्याला ताशी २८ घनमीटर देतात, शेवाळी पाण्याला २२ ते २३. म्हणजे शेततळ्यावर दोन टाक्या असतील तर एक एकराऐवजी पाऊण एकराचा भाग करून पाणी द्यावे. व्हॉल्व्हची संख्या एकाने वाढते, पण फिल्टरवरचा ताण कमी होतो. विक्रेत्याच्या पत्रकावर ‘३० घनमीटर’ लिहिलेले असते ते स्वच्छ पाण्यासाठी असते, हे विसरू नये. जाळी आणि चकतीच्या फिल्टरची क्षमता गरजेपेक्षा निदान सव्वापट ते दीडपट घ्यावी. लहान फिल्टरची किंमत कमी दिसते, पण तो दिवसात चार वेळा उघडावा लागतो. प्रत्येक वेळी झाकण उघडताना रबर रिंग थोडी झिजते, आटे खराब होतात, आणि जाळी दगडावर आपटून धुतली जाते. फिल्टर वापराने जितका खराब होतो त्याहून जास्त अशा उघडझापीने होतो.

वाळूच्या फिल्टरची एक मोठी टाकी घेण्यापेक्षा दोन लहान घ्याव्यात. बॅकवॉश करताना एका टाकीतून गाळलेले पाणी दुसऱ्या टाकीत उलटे सोडता येते. एकच टाकी असेल तर धुण्यासाठीही घाण पाणीच वापरावे लागते, आणि ती घाण वाळूच्या खाली जाऊन बसते. टाकीच्या तळाला पाणी गोळा करणाऱ्या चाळण्या त्यामुळे आतून तुंबतात. हे वरून दिसत नाही.

काळ्या जमिनीत पाया

या भागात फिल्टर मोडण्याचे जे कारण कोणत्याच माहितीपत्रकात नसते ते म्हणजे जमीन. भारी काळी जमीन पावसात फुगते आणि उन्हाळ्यात आकसून भेगा पडतात. तिच्यावर ठेवलेला फिल्टरचा स्टँड वर्षातून एकदा वर उचलला जातो, एकदा खाली बसतो, आणि सगळीकडे सारखा बसत नाही. भरलेल्या वाळूच्या टाकीचे वजन काही क्विंटल असते. टाकी एका बाजूला कलली की आतली वाळू एका बाजूला सरकते, पाणी पातळ थरातून वाट काढते आणि गाळणे थांबते. मेन लाइन मात्र जमिनीत घट्ट असते. मग ताण येतो तो नेमका फिल्टरच्या तोंडाशी असलेल्या फ्लॅंजवर. गळती तिथेच सुरू होते, शेतकरी नट आवळत राहतो, आणि एक दिवस प्लॅस्टिकची मान तडकते.

चौथरा असा करावा. फिल्टर जेवढी जागा घेतो त्याच्या चारही बाजूंनी एक फूट जास्त धरून दोन फूट खोल काळी माती काढून टाकावी. त्यात मुरूम सहा-सहा इंचांच्या थराने, पाणी मारून, धुम्मस करून भरावा. मुरूम जमिनीच्या वर अर्धा फूट यावा. त्यावर चार ते सहा इंच काँक्रीटचा ओटा, शक्य असेल तर आत आठ मिमी सळईची जाळी. ओट्याला एका बाजूने थोडा उतार द्यावा म्हणजे धुण्याचे पाणी साचणार नाही. ओट्याच्या कडेने पाणी मुरले की माती पुन्हा फुगते, म्हणून भोवती लहानसा चर काढून पाणी दूर न्यावे. स्टँड ओट्याला बोल्टने बांधावा. नुसता ठेवला तर बॅकवॉशच्या धक्क्याने सरकतो.

एवढे करूनही थोडी हालचाल होतेच. म्हणून मोटार आणि फिल्टर यांच्या मध्ये, तसेच फिल्टर आणि मेन लाइन यांच्या मध्ये दोन-अडीच फुटांचा दाब सहन करणारा रबरी होजचा तुकडा क्लॅम्पने जोडावा. मोटारीचा थरकापही त्यात विरतो. खर्च थोडा आणि उपयोग मोठा, तरी हे शेतात फार कमी दिसते.

जागा निवडताना ओढ्याकाठच्या विहिरीवर पुराची खूण बघावी आणि फिल्टर त्याहून वर घ्यावा, मग पाइप वीस फूट जास्त लागला तरी चालेल. झाकण उघडून जाळी सरळ वर काढता येईल एवढी मोकळी जागा वर आणि पुढे ठेवावी. फिल्टर भिंतीला किंवा झाडाच्या बुंध्याला खेटून बसवला की तो धुतला जात नाही.

ऊन

मे महिन्यात इथे पारा ४० अंशांच्या पुढे जातो, आणि उन्हात ठेवलेल्या काळ्या किंवा गडद टाकीचा पृष्ठभाग हवेपेक्षा बराच जास्त तापतो. उन्हाने दोन वेगळी नुकसाने होतात. पहिले अतिनील किरणांचे. त्यांनी प्लॅस्टिक वरून पांढरट पडते, मग ठिसूळ होते. दुसरे उष्णतेचे. तापलेले प्लॅस्टिक तेवढा दाब सहन करत नाही. पीव्हीसी पाइपवर छापलेला दाबाचा आकडा २७ अंश तापमानाचा असतो, दुपारच्या उन्हातल्या पाइपचा नाही.

लॅटरल काळी का असते, याचे उत्तर यातच आहे. तिच्यात सुमारे अडीच टक्के कार्बन ब्लॅक मिसळलेला असतो आणि तो अतिनील किरण शोषून घेतो. फिल्टरचे प्लॅस्टिकचे भांडेही काचतंतू मिसळलेले, अतिनील किरणांना टिकणारे आहे का हे विचारून घ्यावे. आतले दिसावे म्हणून काही फिल्टरला पारदर्शक भांडे असते. ते घरातल्या टाकीला ठीक, शेतात नको. प्रकाश आत जातो, शेवाळ वाढते, आणि दोन उन्हाळ्यांत भांड्याला केसासारख्या चिरा पडतात.

जमिनीच्या वर असलेल्या पीव्हीसी पाइपला आणि कॉकला पांढरा, पाण्यात मिसळणारा रंग दोन हात द्यावा. थिनरचा तेलरंग लावू नये, तो प्लॅस्टिकला मानवत नाही. रंग दर दोन वर्षांनी पुन्हा द्यावा.

सावली दिली तर सगळ्यांत उत्तम. चार पाइप आणि एक जुना पत्रा पुरतो. पश्चिमेची बाजू झाकावी, दुपारनंतरचे ऊन जास्त तापवते. हिरवी नेट लावली तरी चालते, पण तिच्यावर वानरे उड्या मारतात आणि नेटसकट गेज, एअर व्हॉल्व्ह मोडून जातात. पत्रा बरा.

हळद आणि केळी यांच्यात इथे फरक आहे. हळदीचे पाणी काढणीच्या आधी बंद होते आणि फेब्रुवारी-मार्चपासून मेअखेरच्या लागवडीपर्यंत फिल्टर रिकामा असतो, म्हणजे सर्वांत कडक उन्हात तो बिनकामाचा उभा असतो. त्या काळात जाळी, चकत्या, रबर रिंगा आणि गेज काढून आखाड्यावर सावलीत ठेवावेत. टाकीतले पाणी तळाच्या प्लगमधून पूर्ण काढावे. ओली वाळू बंद टाकीत राहिली की तिच्यात चिकट बुळबुळीत थर वाढतो आणि वाळल्यावर ढेकूळ होते. बंद करण्यापूर्वी सुमारे ३०० लिटरच्या टाकीत १० टक्क्यांचे सोडियम हायपोक्लोराइट २५० मिली टाकून रात्रभर ठेवावे, सकाळी बॅकवॉश करून ते पाणी पिकाला न देता बाहेर सोडावे, मग टाकी रिकामी करावी. उघड्या तोंडांना जाळी बांधावी. गांधीलमाश्या, पाली आत घर करतात आणि पहिल्या पाण्याला ते सगळे लॅटरलकडे निघते.

केळीला असा विसावा नाही. मे महिन्यात सर्वांत जास्त पाणी तिलाच लागते आणि फिल्टर रोज चालतो. तिथे सावलीला पर्याय नाही. रबर रिंगा दरवर्षी बदलाव्यात. रिंगांना मोटारीचे ग्रीस किंवा तेल लावू नये. त्याने ईपीडीएम रबर फुगते. सिलिकॉन ग्रीस मिळते, थोडेसे पुरते.

लाइट जाते तेव्हा काय होते

कृषिपंपांना थ्री फेज वीज पाळीने आठ तास मिळते, कधी दिवसा, कधी रात्री. मध्येच ट्रिप होणे रोजचेच. ऑटो स्टार्टरवर मोटार आपोआप सुरू होते आणि फिल्टरजवळ कुणीच नसते. फिल्टरचे बरेच नुकसान या रात्रपाळीत होते.

मोटार थांबली की पाइपातले पाणी विहिरीकडे परत धावते. मोटारीनंतर आणि फिल्टरच्या आधी एनआरव्ही नसेल तर हे पाणी वाळूचा थर उपसते आणि जाळीला उलटा झटका देते. शेत फिल्टरच्या खालच्या अंगाला असेल तर उलटे घडते: पाणी शेताकडे उतरते, फिल्टरमध्ये पोकळी तयार होते, आणि त्या ओढीने ड्रीपर बाहेरचा चिखल आत खेचतात. त्यासाठी फिल्टरच्या सर्वांत उंच जागी हवा आत-बाहेर जाऊ देणारा एअर व्हॉल्व्ह लागतो. मोटार सुरू होताना आत अडकलेली हवा तोच बाहेर काढतो. एनआरव्ही आणि एअर व्हॉल्व्ह या दोन वस्तू संचात आहेत का, हे बसवणारा माणूस असतानाच पाहावे.

तिसरी वस्तू बायपास. शेतातले व्हॉल्व्ह चुकून बंद राहिले आणि मोटार सुरू झाली तर सगळा दाब फिल्टरवर येतो. फिल्टरच्या आधी बायपास ठेवून जादा पाणी परत विहिरीत सोडावे. रात्री पाणी द्यायचे असेल तर फिल्टर संध्याकाळीच धुऊन ठेवावा. तुंबलेल्या जाळीवर रात्रभर दाब राहिला की ती आत चेपते किंवा शिवणीत फाटते. सकाळी गेजवर दाबाचा फरक एकदम कमी दिसतो आणि फिल्टर स्वच्छ आहे असे वाटते. प्रत्यक्षात घाण पुढे गेलेली असते. म्हणून फरक अचानक उतरला असेल तर जाळी काढून उजेडात धरून पाहावी.

सौर पंपावर वेगळी अडचण आहे. ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’ योजनेनंतर असे पंप वाढले आहेत. सकाळी आणि ढगाळ हवेत पंपाचे पाणी कमी येते. तेवढ्या प्रवाहात हायड्रोसायक्लोन नीट फिरत नाही आणि बॅकवॉशमध्ये वाळू उचलली जात नाही. सौर पंपावर बॅकवॉश दुपारी बारा ते दोनच्या दरम्यान करावा, आणि हायड्रोसायक्लोन निवडताना पंपाचा सर्वांत जास्त नव्हे तर नेहमी मिळणारा प्रवाह धरावा.

खत आणि आम्ल कुठे सोडायचे

व्हेंचुरी किंवा खताची टाकी वाळूच्या फिल्टरनंतर आणि जाळीच्या आधी जोडावी. वाळूच्या आधी खत सोडले तर थरात शेवाळ माजते, लोखंडी टाकी आतून गंजते आणि बॅकवॉशमध्ये खत वाया जाते. जाळीच्या नंतर सोडले तर न विरघळलेला खताचा खडा थेट ड्रीपरकडे जातो. खत संपल्यावर दहा-पंधरा मिनिटे साधे पाणी चालवावे.

आम्लप्रक्रिया मात्र जाळीच्याही पलीकडे सोडावी, कारण हायड्रोक्लोरिक आम्ल स्टेनलेस स्टीललाही खाते. बोअरच्या कठीण पाण्याने चकत्यांवर पांढरा थर बसतो. तो काढायला चकत्या प्लॅस्टिकच्या बादलीत सौम्य आम्लात काही तास भिजवाव्यात, मग मऊ ब्रशने घासाव्यात. आम्ल पाण्यात ओतावे, पाणी आम्लात नाही. हातमोजे, चष्मा वापरावा. आम्ल आणि क्लोरीन एकत्र येऊ देऊ नये, त्यातून विषारी वायू निघतो. दोन्ही करायचे तर वेगवेगळ्या दिवशी, मधे संच साध्या पाण्याने धुऊन.

दाब बघूनच धुवावे

फिल्टर कधी धुवायचा हे वारावर ठरवू नये. फिल्टरच्या आधीचा दाब आणि नंतरचा दाब यांतला फरक पाहावा. स्वच्छ फिल्टरला हा फरक ०.१ ते ०.३ किलोच्या आसपास असतो. ०.५ किलोवर गेला की धुवावे. दोन बाजूंना दोन गेज असले तर ते दोघे कधीच सारखे दाखवत नाहीत आणि उन्हाने एकाची काच आंधळी होते. त्यापेक्षा दोन्ही बाजूंना लहान कॉक ठेवावेत आणि एकच गेज दोन्हीकडे लावून बघावे. गेज घरी नेता येते, चोरीलाही जात नाही.

बॅकवॉश करताना बाहेर पडणारे पाणी दिसले पाहिजे, म्हणून त्याचे तोंड उघडे ठेवावे. कॉक हळूहळू उघडावा, तोंडाखाली पांढरे फडके धरावे. चार-दोन वाळूचे कण आले तर ठीक, सतत वाळू येऊ लागली की कॉक तेवढाच मागे घ्यावा आणि त्या जागी रंगाने खूण करावी. पाणी स्वच्छ येईपर्यंत, साधारण तीन ते पाच मिनिटे, एकेका टाकीला द्यावे.

हंगामापूर्वी एकदा झाकण उघडून वाळूवर हात फिरवावा. वर खड्डे किंवा बोगदे दिसले, ढेकळे लागली, तर वाळू काढून धुवावी. वाळू कमी झाली असेल तर कंपनीने सांगितलेल्या जाडीची, साधारण ०.७ ते ०.८ मिमीची, धारदार कडांची वाळू खुणेपर्यंत भरावी. नदीची गोल वाळू चाळून भरू नये; गोल कणांमध्ये घाण धरत नाही. टाकी काठोकाठही भरू नये, बॅकवॉशमध्ये वाळूला वर उचलायला जागा लागते. जुन्या वाळूच्या कडा झिजून गुळगुळीत झाल्या असतील तर ती पूर्ण बदलावी.

घेताना

जाळीच्या फिल्टरसाठी आयएस १२७८५, वाळूच्या फिल्टरसाठी आयएस १४६०६ आणि हायड्रोसायक्लोनसाठी आयएस १४७४३ हे भारतीय मानक आहे. खुणेची प्लेट टाकीवर असते. ती पाहूनच घ्यावे. लोखंडी टाकी घेताना आतून हात घालून जोडाच्या ठिकाणी रंगाचा थर सलग आहे का बघावे. गंज नेहमी आतल्या वेल्डिंगपासून सुरू होतो, बाहेरचा चकचकीत रंग काही सांगत नाही. शक्य असेल तर पाण्याची तपासणी आधी करून घ्यावी. तोंडापूर येथील कृषी विज्ञान केंद्र वारंगा फाट्याच्या जवळच आहे, तिथे चौकशी करता येईल.

‘प्रति थेंब अधिक पीक’ योजनेत अल्प व अत्यल्प भूधारकांना ५५ टक्के आणि इतरांना ४५ टक्के अनुदान आहे. राज्याच्या मुख्यमंत्री शाश्वत कृषी सिंचन योजनेच्या पूरक अनुदानासह ते ८० आणि ७५ टक्क्यांपर्यंत जाते. अर्ज महाडीबीटीवर करायचा असतो. अनुदानाच्या अंदाजपत्रकात फिल्टर कोणता धरला आहे ते वाचावे. पाणी शेततळ्याचे असताना अंदाजपत्रकात फक्त जाळीचा फिल्टर असेल तर वाळूच्या फिल्टरचा आग्रह तेव्हाच धरावा. चौथरा, होज, सावली, एअर व्हॉल्व्ह यांचा खर्च बहुधा स्वतः करावा लागतो. आणि त्याच दिवशी एक जादा जाळी, रबर रिंगांचे दोन संच व टाकीच्या तळातल्या दोन-तीन चाळण्या घेऊन ठेवाव्यात. मॉडेल बदलले की चार वर्षांनी तोच भाग मिळत नाही, आणि पन्नास रुपयांच्या रिंगेसाठी अख्खा फिल्टर बदलावा लागतो.